मृतांची मोजदाद

मेलेलीं माणसें मोजून काय मिळतें, असें विचारणारे लोक सारेच निष्ठुर असतात असें नाहीं. त्यांतील पुष्कळांना शेजार टिकवावयाचा असतो. खपली काढली म्हणजे रक्त येतें, आणि रक्त आलें म्हणजे जुनें भांडण नवें होतें, हा त्यांचा अनुभव खोटा नव्हे. तथापि ज्यांनीं आपलें आयुष्य अशा मोजदादींत वेंचलें, त्यांचें काम पाहिल्यावांचून या प्रश्नाचा निकाल लावणें बरें नाहीं.

व्हिएन्नांत १९२६ सालीं जन्मलेला राऊल हिलबर्ग हा ज्यू मुलगा आईबापांबरोबर निसटून अमेरिकेस गेला. नाझी सत्तेनें केलेल्या ज्यूसंहाराचा त्यानें लिहिलेला इतिहास १९६१ सालीं प्रसिद्ध झाला. मारले गेलेल्यांच्या आठवणींपेक्षां मारणारांचीं दप्तरें त्यानें अधिक चाळलीं. त्यांत रेल्वेचे हिशेब निघाले. छळछावणीकडे धाडलेल्या माणसांचें तिसऱ्या वर्गाचें भाडें रेल्वेखातें रीतसर आकारीत असे. दहा वर्षांखालील मुलांस अर्धें, चार वर्षांखालील मुलांस माफ. ४०० माणसें एकदम पाठविल्यास घाऊक सवलत. परतीचें भाडें तेवढें पहारेकऱ्यांचें. आमचें हिमायतनगर मुदखेड-आदिलाबाद लोहमार्गावर आहे; अर्ध्या तिकिटासाठीं मुलाचें वय वर्षभर कमी सांगणारा बाप कोणत्याही स्थानकावर दिसतो. त्या रूक्ष कागदांत काय भरलें आहे हें समजण्यास याहून अधिक कल्पनाशक्ति लागत नाहीं.

याच हिलबर्गनें मृतांचा आंकडा प्रचलित ६० लाखांऐवजीं ५१ लाख धरला. आपल्याच लोकांच्या दुःखाचा आंकडा खालीं आणण्यास धैर्य लागतें. त्यानें दुःख कमी झालें नाहीं. साक्ष मात्र बळकट झाली.

वॉर्साच्या इमॅन्युएल रिंगेलब्लूमचा मार्ग निराळा. तो इतिहासकार ज्यूंच्या बंदिस्त वस्तींत स्वतःच कोंडला गेला होता. सोबत्यांना हाताशीं धरून त्यानें रोजनिश्या, पत्रें, मुलांचे निबंध, भिंतीवरचीं पत्रकें असें सारें गोळा केलें आणि तें पत्र्याच्या पेट्यांत व दुधाच्या डब्यांत भरून जमिनींत पुरविलें. १९४४ च्या मार्चमध्यें तो बायको-मुलासह मारला गेला. पेट्या १९४६ त सांपडल्या, दोन डबे १९५० त. मला विशेष वाटतें तें असें कीं, वस्तींतील ज्यू पोलिसांनीं आपल्याच बांधवांना कसें छळलें, हेंही त्यानें टिपून ठेवलें. डोक्यावर मृत्यु उभा असतां आपल्या माणसांचा दोष झांकण्याचा मोह त्याला आवरला.

आतां घराजवळ येऊं. रझाकारांचा अंमल मराठवाड्यांतील घराघरांत सांगितला जातो, आणि तो सांगितलाच पाहिजे. लातूरचा वकील कासिम रझवी याच्या त्या सेनेनें गांवें जाळलीं, माणसें मारलीं, अगणित कुटुंबांना घरदार सोडून सरहद्दीपार जावें लागलें. ‘इमरोज’चे संपादक शोएबुल्ला खान यांना निर्भीड लिहिल्याबद्दल २२ ऑगस्ट १९४८ रोजीं ठार करण्यांत आलें. १७ सप्टेंबरला आपण ध्वज लावतों तो उगाच नव्हे.

परंतु १८ सप्टेंबरनंतर काय झालें? नेहरूंच्या सांगण्यावरून पंडित सुंदरलाल, काझी अब्दुल गफार व मौलाना अब्दुल्ला मिसरी हे २९ नोव्हेंबर ते २१ डिसेंबर १९४८ या काळांत संस्थानभर हिंडले. पोलिस कारवाईच्या वेळीं व नंतर २७ ते ४० हजार माणसें मारलीं गेलीं, असा त्यांचा अंदाज. बळींत बहुतेक मुसलमान. सर्वांत अधिक होरपळलेले जिल्हे म्हणून त्यांनीं उस्मानाबाद, गुलबर्गा, बीदर आणि आमचा नांदेड हीं नांवें दिलीं. लातुरांत हत्या वीस दिवसांहून अधिक चालल्या असें ते लिहितात. हिंदु विणकरांनीं मुसलमान विणकरांचें रक्षण करतांना प्राण दिले, हेंही त्यांनींच नोंदलें आहे. सरदार पटेलांस अहवाल मान्य झाला नाहीं, आणि तो लोकांच्या हातीं पडण्यास कित्येक दशकें गेलीं.

‘आरंभ रझाकारांनीं केला’ हें उत्तर मीं सुशिक्षितांच्या तोंडूनही ऐकलें आहे. आरंभ त्यांनीं केला हें खरेंच. पण त्यानें कारण कळतें, हिशेब फिटत नाहीं. ज्या पिंजाऱ्यानें उभ्या जन्मांत भाला हातीं धरला नाहीं, त्याचा जीव कोणाच्या खात्यावर मांडावयाचा? उलट, येथें नाझींचेंच राज्य झालें असें म्हणणारेही मला मान्य नाहींत. येथें वेळापत्रकानें चालणारे कारखाने नव्हते. सूड होता, लूट होती, आणि अहवाल म्हणतो त्याप्रमाणें कांहीं ठिकाणीं गणवेशांतल्यांचा हातभारही होता. दोन गोष्टींस एकच नांव दिलें कीं दोहोंचा विचार थांबतो.

मला अस्वस्थ करते ती २७ आणि ४० हजार यांमधली जागा. तेरा हजार माणसें मेलीं कीं जगलीं, हें सांगतां येत नाहीं, आणि त्या पोकळींत ज्याला जो आंकडा हवा तो बसवितां येतो. कोणी दोन लाख म्हणतो, कोणी कांहींच घडलें नाहीं म्हणतो, आणि दोघांचेंही सारख्याच सोयीनें भागतें.

आमच्याकडे पुरलेले डबे नाहींत. जें आहे तें म्हाताऱ्यांच्या आठवणींत. हिमायतनगरला अजूनही वाढोणा म्हणणारीं माणसें येथें आहेत. महाविद्यालयांतून विद्यार्थी मुक्तिलढ्याच्या आठवणी टिपण्यास खेड्यांत जातात, तें स्तुत्यच आहे. पण त्यांच्या हातच्या प्रश्नपत्रिका १७ सप्टेंबरलाच संपतात, निदान मीं पाहिलेल्या तरी. पुढच्या ऑक्टोबरांत तुमच्या गल्लींतून कोण नाहींसें झालें, आणि कोणीं कोणास घरांत लपविलें, एवढे दोन प्रश्न त्यांत वाढविण्यास कोणाची परवानगी लागत नाहीं. त्या वर्षीं दहा वर्षांचें असलेलें मूल आज नव्वदीकडे झुकलें आहे.