शंका हा गुन्हा नव्हे

धर्मांतर केलेल्या माणसाच्या मनात जुने काही उरले असेल किंवा नव्याविषयी शंका असेल, तर समाजाने त्याच्याशी कसे वागावे? हा प्रश्न आपल्या वस्त्यांत आज उभा आहे. पण तो नवा नाही. साडेचारशे वर्षांपूर्वी आपल्या कोल्हापूरहून घाट उतरून गेले की लागणाऱ्या गोव्यात या प्रश्नाला एक उत्तर दिले गेले. त्या उत्तराचे काय झाले, हे आपण नीट समजून घेतले पाहिजे.

पोर्तुगीज अंमलाखालील गोव्यात १५६० साली इन्क्विझिशन नावाचे धर्मन्यायालय सुरू झाले. १७७४ ते १७७८ हा काळ सोडला तर ते १८१२ पर्यंत चालले. बाप्तिस्मा घेतलेला माणूस घरात जुने विधी, जुने सण पाळतो काय, याचा तपास हे त्याचे एक मोठे काम होते. म्हणजे त्याची खरी झळ लागली ती धर्मांतरितांनाच. त्यामागची विचारसरणी अशी: सत्य ईश्वराने सांगून टाकले आहे, ते जपण्याचा अधिकार चर्चचा आहे, म्हणून जाणूनबुजून बाळगलेली शंका हे पाप आणि हट्टाने धरलेले वेगळे मत हा गुन्हा.

याच गोव्यात गार्सिया द ओर्ता नावाचा पोर्तुगीज वैद्य राहत होता. १५३४ साली तो इकडे आला. अहमदनगरच्या बुऱ्हाण निजामशहाच्या दरबारीही त्याची ऊठबस होती. १५६३ साली त्याने येथील औषधी वनस्पतींवर संवादरूपाने लिहिलेला ग्रंथ गोव्यात छापला. ग्रीक वैद्यकाचे जुने आचार्य जेथे चुकले असे त्याला वाटले, तेथे त्याने तसे लिहिले. आचार्यांच्या वचनापेक्षा डोळ्यांनी पाहिलेले त्याने मोठे मानले. विशेष म्हणजे, या ग्रंथाला गोव्याच्या धर्मन्यायाधीशाची संमती होती.

परंतु ओर्ताचे घराणे मूळचे ज्यू. पोर्तुगालमध्ये १४९७ साली ज्यूंना सक्तीने ख्रिस्ती करण्यात आले होते. ओर्ता १५६८ साली वारला. पुढच्याच वर्षी त्याची बहीण कातारिना हिला, ती गुप्तपणे ज्यू धर्म पाळते म्हणून, जाळून मारण्यात आले. नातेवाइकांच्या जबान्यांतून ओर्तावरही तोच ठपका आला आणि १५८० साली त्याची हाडे थडग्यातून उकरून जाळण्यात आली.

वाचकहो, यातील विसंगती पाहा. वनस्पतींविषयी शंका घ्यायला परवानगी, आणि अंतःकरणात वेगळे काही ठेवले तर मेल्यावरही आग! असे का व्हावे? वनस्पती कोणीही तपासू शकतो, म्हणून तेथे अधिकाराचे भय चालत नाही. जी सत्ता स्वतःला तपासू देत नाही, तिला मात्र दुसऱ्याचे मन तपासावे लागते. आणि भयाने श्रद्धा निर्माण होत नाही. माणसाला दोन जिभा फुटतात, एक घरातली आणि एक चारचौघांतली.

हे कॅथलिकांपैकीही काहींना कळत होते. फ्रान्सचा पास्काल हा परम श्रद्धाळू. गॅलिलिओला रोमने १६३३ साली दोषी ठरवले होते. त्यावर, रोमच्या हुकुमाने पृथ्वी स्थिर ठरत नाही, असे पास्कालने १६५७ साली बजावले. श्रद्धेच्या बाबतीत कोणावरही सक्ती करू नये, हे चर्चच्या धर्मपरिषदेने १९६५ साली जाहीरपणे मान्य केले.

आता आपल्याकडे वळू. १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपुरात लोकांनी बावीस प्रतिज्ञा आपल्या तोंडाने, आपल्या इच्छेने घेतल्या. तेथे शिपाई उभा नव्हता. तरीही आज एखाद्या म्हाताऱ्या आईच्या पेटीच्या तळाशी यल्लमाचा किंवा जोतिबाचा टाक सापडतो. मग कोणी तिला चारचौघांत लाजवतो, कोणी त्या घराशी सोयरीक नको म्हणतो. आपल्या हाती आग नाही, हे खरे. पण वाळीत टाकणे आहे. ज्यांनी पिढ्यान्पिढ्या बहिष्कार सोसला, त्यांनी तेच हत्यार उचलावे काय?

केसपुत्ताच्या कालामांनी आपल्या शंका तथागतांपुढे मांडल्या, तेव्हा त्यांनी कालामांना दोष दिला नाही. शंकेच्या जागी शंका येणे योग्यच, असे म्हणून त्यांनी कसोटी दिली: ज्याने लोभ, द्वेष, मोह वाढतो ते सोडा; ज्याने हित होते ते स्वीकारा. धम्मात विचिकिच्छा हे मनावरचे आवरणही मानले आहे, हे विसरू नये. शंका कायमची कुरवाळत बसायची नाही. पण ते आवरण विचाराने दूर करायचे असते, धाकाने नव्हे.

म्हणून त्या आईला आधी विचारावे, टाक का ठेवला? बहुधा उत्तर मिळेल, लेकराला काही होईल या भीतीने. ती भीती काढणे हेच धम्मकार्य होय. पौर्णिमेला वंदनेनंतर अर्धा तास केवळ प्रश्नांसाठी राखावा. मुलांना घरातील गोष्टी बाहेर सांगायला लावू नये. टाक तिने स्वतःच्या हाताने बाहेर काढला, तरच तिचे धर्मांतर झाले. आपण हिसकावून घेतला, तर ती फक्त जप्ती झाली.