बाहूची मालकी

मनुष्याच्या अंगच्या कौशल्यावर दुसऱ्याचा कायमचा हक्क असू शकतो, ही कल्पना अमेरिकेच्या बेसबॉलमध्ये जवळजवळ शंभर वर्षे निर्वेध नांदली. प्रत्येक संघाचे पाच खेळाडू इतरांनी घ्यावयाचे नाहीत, असा ठराव नॅशनल लीगच्या मालकांनी 1879 साली आपापसांत केला आणि पुढे तीच तरतूद सर्वांच्या करारनाम्यांत शिरली. कलमाचे शब्द सौम्यच होते : खेळाडूने नव्या करारावर सही न केल्यास मालकाला जुना करार एक वर्ष वाढविता येई. परंतु वाढविलेल्या करारातही हे कलम असतेच, असा अर्थ लावून मालकांनी ते एक वर्ष जन्मभराचे केले. आणि हा खेळ म्हणजे आंतरराज्य व्यापारच नव्हे, असा निवाडा सर्वोच्च न्यायालयाने 1922 साली दिल्यावर मक्तेदारीविरोधी कायद्याकडे दाद मागण्याची वाटही खुंटली.

फिलाडेल्फिया फिलीजचा पिचर रॉबिन रॉबर्ट्स याच व्यवस्थेत वाढला. 1 ऑक्टोबर 1950 रोजी ब्रुकलिनच्या एबेट्स फील्डवर, पाच दिवसांत तिसऱ्यांदा, तो आरंभापासून चेंडू टाकावयास उभा राहिला. नवव्या डावात 1-1 अशी बरोबरी असताना ब्रुकलिनचा एब्रॅम्स विजयाच्या धावेसाठी धावला आणि फिलीजच्या अॅशबर्नच्या फेकीने बाद झाला; तरीही लगेच तिन्ही बेस भरले. रॉबर्ट्सने पुढचे दोघे बाद केले, दहाव्या डावाचा पहिला फटका स्वतःच मारला, आणि सहकारी सिसलरच्या होमरनने पस्तीस वर्षांनी लीगचे अजिंक्यपद दृष्टिपथात आल्यावर शेवटचा चेंडूही त्यानेच टाकला. लागोपाठ सहा मोसमांत वीस किंवा अधिक विजय, आणि 1952-53 मध्ये सलग 28 सामने आरंभापासून अखेरपर्यंत एकट्याच्या बाहूवर! इतका बेहिशेबी खर्च मालकाने नव्हे, बाहूच्या धन्याने करावा, ही मला त्या काळाची खरी विसंगती वाटते.

1961 साली तो अवघा एक सामना जिंकला, दहा हरला, आणि मोसम संपताच विकला गेला. पुढच्याच वसंतात फिलीज क्लबने त्याचा 36 हा क्रमांक सन्मानपूर्वक निवृत्त केला. माणूस विकला, आकडा राखला.

रॉबर्ट्स बंडखोर मुळीच नव्हता. 1966 साली खेळाडूंच्या संघटनेसाठी पोलादकामगार युनियनचा अर्थतज्ज्ञ मार्विन मिलर निवडण्यात त्याचा पुढाकार होता खरा, पण जोडीला कायदेशीर सल्लागार म्हणून रिचर्ड निक्सन असावा, अशी सूचनाही त्याचीच! मिलरने ती नाकारली. अशा मवाळ गृहस्थाच्या हातून ही नेमणूक व्हावी, यावरून ती मालकी सर्वसामान्य खेळाडूलाही किती असह्य झाली होती, हे उमगते.

न्यायालयाने 1972 साली खेळाडू कर्ट फ्लडचा या कलमाविरुद्धचा दावा फेटाळताना आपल्या जुन्या निवाड्यातील विसंगती कबूल केली, पण दुरुस्तीचे काम काँग्रेसच्या गळ्यात घातले. अखेर 23 डिसेंबर 1975 रोजी लवाद पीटर साइट्झ यांनी कलमातले एक वर्ष म्हणजे एकच वर्ष, असा अर्थ लावला, आणि मालकांनी त्यांना तडकाफडकी बडतर्फ केले. तक्रारदार मेसरस्मिथ आणि मॅकनॅली, दोघेही पिचर. यांतला मॅकनॅली बाल्टिमोरला रॉबर्ट्सचा तरुण सहकारी होता. 1975 च्या मोसमाच्या मध्यावरच तो खेळ सोडून घरी गेला होता, निकालातून त्याला पैचाही लाभ नव्हता, तरी परत येण्यासाठी देऊ केलेली रक्कम नाकारून त्याने आपले नाव दाव्यात कायम ठेवले.