विकल्प आणि निश्चय

मीरा-भाईंदरच्या बाजारपेठेत, शाळेत आणि कचेरीत ‘विकल्प’ हा शब्द दिवसातून अनेकदा कानी पडतो. ठाणे जिल्ह्यातील या नगरीची वस्ती 2011 च्या शिरगणतीत आठ लाखांवर गेली होती. मराठी, गुजराती, हिंदी, मारवाडी अशा अनेक भाषा तेथे एकाच जिन्यावर नांदतात. हिंदी बोलणारा ‘दूसरा विकल्प’ म्हणतो, तेव्हा त्याला दुसरा मार्ग अभिप्रेत असतो. शुद्ध मराठीत त्यासाठी ‘पर्याय’ हा शब्द आहे. परंतु त्याच घरातील वृद्ध माता सुनेला ‘मनात विकल्प आणू नकोस’ असे सांगते, तेव्हा तिच्या बोलण्याचा आशय सर्वस्वी निराळा असतो. एकाच्या तोंडी विकल्प ही सोय आहे, तर दुसरीच्या तोंडी तो दोष आहे. शब्द एक, परंतु त्याचे मोल परस्परविरुद्ध. हा केवळ भाषेचा योगायोग आहे की त्यामागे मनुष्याच्या आचाराविषयी काही बोध आहे, हे पाहणे अगत्याचे ठरते.

‘क्लृप्’ या धातूस ‘सम्’ हा उपसर्ग लागला की संकल्प होतो आणि ‘वि’ लागला की विकल्प होतो. संकल्पात मनाची शक्ती एकत्र येते, तर विकल्पात ती फाटते. म्हणूनच वेदान्ताच्या परिभाषेत मन हे संकल्पविकल्पात्मक आणि बुद्धी ही निश्चयात्मक मानिली आहे. धरावे की सोडावे, असे दोन्ही बाजूंनी उठत राहणे हा मनाचा स्वभाव होय. त्यावर निवाडा देणे हे बुद्धीचे काम. मनाने विकल्प उठविला म्हणून ते दोषी ठरत नाही. बुद्धीने आपले आसन सोडले, म्हणजे मग दोष सुरू होतो.

निरनिराळ्या शास्त्रांनी हा शब्द निरनिराळ्या रीतीने हाताळला आहे. व्याकरणात विकल्प निर्दोष आहे. पाणिनीने ‘वा’, ‘विभाषा’ इत्यादी शब्दांनी दोन्ही रूपे साधू मानण्याची मोकळीक अनेक ठिकाणी दिली आहे. दोन्हींपैकी कोणतेही रूप योजिले तरी बोलणाऱ्यास उणेपणा येत नाही.

मीमांसकांची दृष्टी मात्र अधिक कठोर आहे. यज्ञात तांदूळ वापरावा असे एक वचन आणि यव वापरावा असे दुसरे वचन आढळले, तेव्हा त्यांना विकल्प मान्य करणे भाग पडले. परंतु त्यांनी तो सुखाने मान्य केला नाही. तांदूळ घेतला की यवाच्या वचनाचे प्रामाण्य सोडावे लागते आणि ते अप्रमाण आहे असे धरावे लागते. पुढल्या खेपेस यव घेतला की सोडलेले प्रामाण्य पुन्हा पत्करावे लागते आणि पत्करलेले अप्रामाण्य पुन्हा टाकावे लागते. एका वचनाच्या ठायी असे चार दोष, तसेच दुसऱ्याच्या ठायी चार. म्हणून मीमांसेत विकल्पास ‘अष्टदोषदुष्ट’ म्हटले आहे आणि अन्य गती असेपर्यंत तो स्वीकारू नये असा दंडक घातला आहे. या विवेचनातील मर्म यज्ञापुरते नाही. धरसोड करणारा मनुष्य आज ज्यास खरे म्हणतो त्यास उद्या खोटे म्हणतो आणि परवा पुन्हा खरे म्हणतो. त्याने कोणतीही बाजू घेतली तरी प्रत्येक खेपेस त्याच्या शब्दाचे मोल घटत जाते.

योगशास्त्रात विकल्प ही चित्ताची एक वृत्ती होय. शब्द आहे, परंतु त्यामागे वस्तू नाही, अशा ज्ञानास तेथे विकल्प म्हटले आहे. आकाशपुष्प हे त्याचे प्रसिद्ध उदाहरण. अनिश्चयी मनुष्याच्या चिंतेचा पुष्कळसा भाग असाच असतो. ‘असे झाले तर’, ‘तसे झाले तर’ ही त्याची वाक्ये व्याकरणदृष्ट्या पूर्ण असतात, परंतु त्यांच्या मागे उभी असलेली आपत्ती बहुधा आकाशपुष्पच असते. संशयास मात्र योगशास्त्राने निराळे स्थान दिले असून साधनेतील अंतरायांमध्ये त्याची गणना केली आहे.

येथे नैयायिक पुढे येतात आणि संशयाची बाजू घेतात. न्यायाच्या सोळा पदार्थांत संशय हा एक स्वतंत्र पदार्थ आहे. संध्यासमयी दूर काही उभे दिसते. तो खांब आहे की पुरुष आहे, असा संशय येतो आणि त्या संशयातूनच जवळ जाऊन पाहण्याची प्रवृत्ती होते. संशय नसता तर परीक्षाच झाली नसती. परंतु त्याच सोळा पदार्थांत निर्णय हाही एक आहे, याचा विसर पडू नये. खांब की पुरुष, हा प्रश्न पाय उचलण्यासाठी आहे. त्याच जागी रात्रभर उभे राहण्यासाठी नाही.

पंथीय वाङ्मयात विकल्पास जो अर्थ प्राप्त झाला तो याहून सूक्ष्म आहे. अवताराचा मनुष्यवेष, त्याचे साधे वागणे, हसणे, रागावणे पाहून त्याच्या ईश्वरत्वाविषयी मन डळमळणे, तसेच सज्जनाच्या वर्तनाविषयी मनात किंतु धरणे, यास तेथे विकल्प म्हटले जाते. हा नैयायिकांचा संशय नव्हे. संशयी मनुष्य विचारतो, तर विकल्पी मनुष्य विचारीत नाही. तो आत ठेवितो. विचारले तर उत्तर मिळेल आणि उत्तर मिळाले तर काही करावे लागेल, याची त्यास धास्ती असते.

बोलीभाषेने हे भेद आपल्या परीने नेमके टिपले आहेत. ‘इकडे आड तिकडे विहीर’ ही स्थिती बाहेरची आहे; तेथे दोन्ही मार्ग वाईट आहेत आणि मनुष्य दयेस पात्र आहे. ‘घालमेल’ आतली आहे, पण ती वेदना आहे, दोष नव्हे. ‘चलबिचल’ म्हणजे घेतलेला निश्चय हलू लागणे. ‘धरसोड’ मात्र कृतीची आहे. मन कितीही डोलले तरी त्याने इतरांचे फारसे बिघडत नाही. हात धरून सोडला म्हणजे दुसरा पडतो. ‘दोन्ही डगरींवर हात ठेवणारा’ त्याहून निराळा. त्याचा निर्णय होत नाही असे नाही. दोन्हीकडचा लाभ सुटू नये हाच त्याचा निर्णय असतो. यावरून दिसते की अनिश्चय म्हणून जे दिसते ते कधी दुःख असते, कधी दुर्बलता असते आणि कधी चातुर्यही असते. तिघांस एकच औषध लागू पडणार नाही.

मग विचार कोठे संपतो आणि विकल्प कोठे सुरू होतो? भाईंदरच्या खाडीकाठच्या मिठागरांचा व्यवहार या बाबतीत उद्बोधक आहे. त्यांपैकी कित्येक मिठागरे आज उरलेली नाहीत, परंतु त्या कामाची रीत जाणण्यासारखी आहे. उधाणाच्या भरतीस खाडीचे पाणी आत घेतात. ते एका वाफ्यातून दुसऱ्या वाफ्यात फिरवीत उन्हाने आटवितात आणि पुरते दाट झाले की मीठ धरण्याच्या वाफ्यात सोडतात. तेथे पाणी दाट होण्याची वाट पाहणे हे ज्ञान आहे. घाई करणाऱ्याच्या हाती मीठ लागत नाही. परंतु भरती कोणासाठी थांबत नाही आणि वैशाख सरला की आकाश पालटते. दाणा धरल्यावरही जो आज ओढू की उद्या ओढू करीत बसतो, त्याचे मीठ पहिल्या पावसात पुन्हा पाणी होते. पहिली प्रतीक्षा आणि दुसरी प्रतीक्षा बाहेरून सारखीच दिसते, कारण दोन्ही वेळी मनुष्य काठावर स्वस्थ उभा असतो. पहिल्या प्रतीक्षेत वस्तू पक्व होत असते. दुसरीत वस्तू पक्व झालेली असून केवळ मनुष्य मागे राहिलेला असतो. ज्या थांबण्याने काही नवे कळत नाही ते थांबणे विचाराच्या खात्यात जमा होत नाही.

पंचतंत्रातील तीन मत्स्यांची कथाही हेच सांगते. कोळी येणार हे कळताच अनागतविधाता जलाशय सोडून गेला. प्रत्युत्पन्नमति राहिला, परंतु प्रसंग येताच युक्ती योजून सुटला. ‘जे व्हायचे ते होईल’ म्हणणारा यद्भविष्य मारला गेला. कथाकाराने घाई करणाऱ्यास आणि थांबणाऱ्यास, दोघांसही वाचविले आहे. मेला तो ज्याने आपला निर्णय दैवावर सोपविला. अनिश्चयाचे हे सर्वांत प्रतिष्ठित रूप आहे, कारण ते श्रद्धेचे वस्त्र पांघरून येते. ‘परमेश्वराची इच्छा असेल तसे होईल’ हे वाक्य कर्तव्य करून झाल्यावर म्हटले तर ती भक्ती होय. कर्तव्यापूर्वी म्हटले तर ती पळवाट होय.

येथवर अनिश्चयी मनुष्याच्या स्वतःच्या हानीचा विचार झाला. परंतु या प्रश्नाचा खरा गाभा त्यापुढे आहे. एखाद्या कुटुंबाचा विचार करावा. मुलगा भाईंदरला सदनिकेत राहतो, वृद्ध आई कोकणात गावच्या घरी एकटी आहे. आईला आणावे तर जागा अपुरी आणि तिचे मन शहरात रमणार नाही. न आणावे तर तिच्या दुखण्याखुपण्यास कोणी नाही. दोन्ही बाजूंना सत्य आहे. मुलगा दुष्ट नाही, आईवर त्याचे प्रेम आहे. तो ‘दिवाळीनंतर पाहू’ म्हणतो, मग ‘परीक्षा संपू दे’ म्हणतो, मग ‘पाऊस सरू दे’ म्हणतो. त्याच्या समजुतीप्रमाणे निर्णय झालेला नाही. परंतु आईच्या बाजूने पाहिले तर निर्णय प्रत्येक दिवशी झालेला आहे आणि तो एकच आहे: तिने एकटे राहावे. गावीच राहावे असे ठरले असते, तर शेजारची एखादी बाई सोबतीस ठेविता आली असती, औषधाची व्यवस्था लाविता आली असती. काहीच न ठरल्यामुळे तिला शहरही मिळाले नाही आणि गावची व्यवस्थाही मिळाली नाही.

अनिश्चय तटस्थ असतो ही समजूत यामुळे टिकत नाही. ज्याच्या हाती निर्णय आहे तो विकल्पात बसतो, परंतु त्याची किंमत बहुधा ज्याच्या हाती निर्णय नाही तो मोजतो. ज्या आचारधर्मात अहिंसेस अग्रस्थान आहे, त्यात केवळ हाताने दिलेल्या पीडेचा विचार करून भागत नाही. हात न उचलल्याने झालेली पीडाही मोजावी लागते.

नागदेवाचार्यांचे एक प्रसिद्ध वर्तन या दृष्टीने मननीय आहे. स्मृतिस्थळातील प्रसंगानुसार पंडित शिष्य संस्कृताचा अवलंब करू लागले, तेव्हा आचार्यांनी तसे करण्यास मनाई केली. कारण तेणे करून पंथातील म्हाताऱ्या नागवल्या गेल्या असत्या. संस्कृताचा अधिकार आणि मराठीचा अधिकार यांवर युक्तिवाद दोन्हीकडून चालू ठेविता आला असता. आचार्यांनी वाद वाढविला नाही. या गोष्टीत नुकसान कोणाचे होते, एवढे पाहिले आणि निवाडा दिला. दोन मार्ग तुल्यबळ दिसत असता ज्याचे बळ कमी त्याच्याकडे पाहून ठरवावे, अशी कसोटी यातून हाती लागते.

आता आक्षेप असा येईल की निश्चयाची एवढी थोरवी गाइली तर हेकेखोरपणास प्रतिष्ठा मिळेल. जगात अनर्थ संशयी माणसांनी जितके केले त्याहून अधिक निःशंक माणसांनी केले, असेही म्हणता येईल. आक्षेप खोटा नाही. त्याचे उत्तर म्हाइंभटांच्या चरित्रात सापडते. ते विद्वान मीमांसक होते. डोमेग्रामी श्रीचक्रधरांशी वाद करावा या हेतूने ते गेले आणि तेथे त्यांचा अभिमान गळाला. तथापि ते अनुसरले ते पुढे, नागदेवाचार्यांकडे. एकदा अनुसरल्यावर मात्र त्यांनी लीळा जमविण्यासाठी वाटा तुडविल्या, ज्यांनी ज्यांनी पाहिले-ऐकिले त्यांना गाठून विचारिले. पुढे मूळ प्रत नाहीशी झाल्यावर ग्रंथ स्मरणातून पुन्हा सिद्ध करण्यात आला, तेव्हा स्मरणातील भेद दडपले गेले नाहीत. निरनिराळ्या नावांनी निरनिराळे पाठ राखिले गेले. ज्या गोष्टीचा निर्णय पुराव्याने होत नाही ती तशीच नोंदवून ठेवणे हा विकल्प नव्हे, तो प्रामाणिकपणा होय. पाठाविषयी अनिश्चय राखूनही आचाराविषयी निश्चय राखिता येतो, हे त्या ग्रंथपरंपरेने दाखवून दिले आहे. हेकट मनुष्य याच्या उलट करितो. त्याला सर्व पाठ ठाऊक असतात आणि आचाराचा मात्र पत्ता नसतो.

गीतेतील अर्जुनाचा प्रसंगही असाच आहे. त्याचा संशय दटावून बंद केलेला नाही, अठरा अध्यायांपर्यंत त्यास उत्तर दिलेले आहे. आणि शेवटी सर्व विचार करून इच्छेस येईल तसे कर, असे सांगून निर्णय त्याच्याच हाती ठेविला आहे. गुरू संशय फेडू शकतो. निश्चय मात्र ज्याचा त्यानेच करावयाचा असतो.

म्हणून साधकाने विकल्पाची परीक्षा साध्या रीतीने करावी. मनात उठलेला किंतु विचारण्याजोगा असेल तर तो योग्य ठिकाणी विचारावा. थांबल्याने काही नवे कळणार असेल तर थांबावे आणि किती थांबावयाचे ते आधीच ठरवावे. त्या मुदतीनंतर आपल्या न ठरविण्याचा भार कोणाच्या माथी जात आहे, इकडे दृष्टी वळवावी. तो मनुष्य दिसला की बहुतेक विकल्पांचा निवाडा तेथेच होतो. कोणता मार्ग उत्तम, हे मनुष्यास पुष्कळदा कळत नाही. परंतु कोण ताटकळत आहे, हे न कळण्याइतका तो आंधळा क्वचितच असतो.