जिंकलात, आता दरखास्त करा

दिवाणी दावा जिंकला की जमीन किंवा पैसे आपोआप हातात पडत नाहीत. हरलेल्याने स्वतःहून दिले नाहीत, तर जिंकलेल्याला कोर्टात नवा अर्ज करावा लागतो. आपल्याकडे त्याला ‘दरखास्त’ म्हणतात. दरखास्त म्हणजे विनंती. हक्क सिद्ध झाल्यावरही माणसाने विनंती का करायची?

भारतात पक्षकाराच्या अडचणी हुकूमनामा मिळाल्यावरच सुरू होतात, असं लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलने १८७२ सालीच म्हटलं होतं. मार्च २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सगळ्या उच्च न्यायालयांना सांगितलं, खालच्या कोर्टांतल्या अशा दरखास्ती मोजा आणि ६ महिन्यांत निकाली काढून घ्या. ऑक्टोबरमध्ये आकडे आले. ३,३८,६८५ निकाली निघाल्या होत्या, तरी ८,८२,५७८ बाकी होत्या. सर्वाधिक, ३ लाख ४० हजारांवर, मुंबई उच्च न्यायालयाच्या हद्दीत. चंद्रपूर-गडचिरोली त्याच हद्दीत येतात.

प्रत्येक उशीर म्हणजे लबाडी नसते. बेलिफ ताबा घ्यायला जातो, तेव्हा त्या घरात दाव्याशी संबंध नसलेलं तिसरंच कुटुंब राहत असू शकतं. त्यांचं ऐकलंच पाहिजे. पण खरी हरकत वेगळी आणि वेळ काढणं वेगळं. निकालानंतरच्या प्रत्येक वर्षाचं पीक हरलेलाच घेत असतो. अशा वेळी पुढची तारीख देणारं कोर्ट तटस्थ राहत नाही, नकळत ते हरलेल्याची सोय बघतं.

कागदावरचा हक्क आणि हातातला हक्क यांतलं अंतर गडचिरोलीला चांगलं ठाऊक आहे. धानोरा तालुक्यातल्या मेंढा (लेखा) गावाला २००९ मध्ये सुमारे १,८०० हेक्टर जंगलावर सामूहिक वनहक्क मिळाला. तो कोर्टाचा हुकूमनामा नव्हता, कायद्याने दिलेली मान्यता होती. तरी स्वतःचा बांबू विकायला लागणारा वाहतूक परवाना वनविभाग देईना. एप्रिल २०११ मध्ये केंद्रीय मंत्री जयराम रमेश आणि मुख्यमंत्री पृथ्वीराज चव्हाण गावात आले, तेव्हा परवान्याचं पुस्तक ग्रामसभेच्या हाती पडलं. गावाची जिद्द मोठी होतीच. पण हक्क बजावायला मंत्री दारात यावा लागत असेल, तर ज्यांच्या दारात कुणीच येत नाही त्यांनी काय करायचं?

म्हणून वरच्या कोर्टाची देखरेख हवीच. फक्त ती काय मोजते हे बघायला हवं. तारखांना थकून अर्जदार यायचा बंद झाला आणि दरखास्त फेटाळली गेली, तर रजिस्टरमध्ये तीही ‘निकाली’च. फायली मोजल्या तर हा आकडा यशात धरला जाईल. त्यामुळे उच्च न्यायालयाने जिल्ह्यांना आणखी एक रकाना भरायला लावावा: किती जणांना प्रत्यक्ष ताबा किंवा पैसे मिळाले? निकाल म्हणजे राज्याने दिलेला शब्द. तो पाळला गेला का, हे त्या रकान्यातच कळेल.