चेंडू हातात नसताना

जे. जे. रेडिकने ड्यूक विद्यापीठाकडून चार वर्षांत 2,769 गुण केले. 2002 ते 2006 या काळात त्याने 457 थ्री पॉइंटर, म्हणजे लांबच्या रेषेबाहेरून तीन गुणांचे चेंडू, टाकले. अमेरिकेच्या पहिल्या श्रेणीच्या कॉलेज बास्केटबॉलमध्ये तोवर एवढे कोणाचेच नव्हते. फ्री थ्रोचं प्रमाण शंभरात 91. शेवटच्या वर्षी देशातल्या सर्वोत्तम खेळाडूचे नाइस्मिथ आणि वूडन हे दोन्ही मानाचे पुरस्कार त्यालाच मिळाले. तेव्हा त्याला बाविसावं वर्षही पुरं झालं नव्हतं. नंतर विद्यापीठाने त्याचा 4 नंबर कायमचा बाजूला ठेवला, म्हणजे आता ड्यूकचा कोणताही खेळाडू तो अंगावर घालणार नाही.

अशा खेळाडूबद्दल बोलताना लोक त्याच्या हाताबद्दल बोलतात. मनगट कसं वळतं, चेंडू कसा सुटतो, रिंगला न शिवता जाळीतून कसा जातो. माझं मत असं की रेडिकची खरी कमाई त्याच्या पायांची आहे, आणि ती कॉलेज सुटल्यावर, ज्या वर्षांकडे फारसं कोणी पाहत नव्हतं त्या वर्षांत झाली.

आपल्याकडे आंतरविद्यापीठ सामन्यांना खेळाडूंचे मित्र आणि प्रशिक्षक सोडले तर गॅलरीत कोणी नसतं, त्यामुळे अमेरिकेतला हा प्रकार आधी समजून घ्यावा लागतो. ड्यूकचं कॅमेरॉन स्टेडियम 1940 सालचं, जेमतेम नऊ हजार माणसांचं. त्यात जागा मिळावी म्हणून विद्यार्थी कडाक्याच्या थंडीत बाहेर तंबू ठोकून राहतात, आणि त्या तंबूंच्या वस्तीला तेव्हाचे प्रशिक्षक माइक शेशेव्स्की यांचंच नाव आहे. मार्चमध्ये होणाऱ्या राष्ट्रीय स्पर्धेच्या प्रक्षेपणासाठी सीबीएस वाहिनीने 1999 साली अकरा वर्षांचे 600 कोटी डॉलर कबूल केले होते. ज्यांच्या खेळावर हा पैसा उभा होता त्या मुलांना मात्र स्वतःच्या नावावर कमाई करायची मुभा 2021 च्या जुलैपर्यंत नव्हती. रेडिक इतरांच्या मैदानावर गेला की हजारो लोक त्याला, त्याच्या घरच्यांना एका सुरात अश्लील शिव्या देत. त्याचा फोन नंबर कोणाच्या तरी हाती लागला आणि शिव्या फोनवरही येऊ लागल्या. वीस वर्षांच्या, बिनपगारी विद्यार्थ्याशी हे वागणं. ‘खेळाचं वातावरण’ म्हणून त्याचं कौतुक करणारे लेख मी वाचले आहेत. मला त्यात कौतुकासारखं काही दिसत नाही.

आता त्याच्या खेळाचा हिशेब. ड्यूकमध्ये त्याचे शंभरातले साधारण 40 थ्री पॉइंटर पडत. म्हणजे साठ चुकत. तरीही हा सौदा फायद्याचा असतो, कारण दहा प्रयत्नांत चार बसले तरी बारा गुण होतात. रिंगजवळून तेवढेच मिळवायला दहातले सहा टाकावे लागतात. म्हणून शूटरची पहिली परीक्षा मनाची. सलग पाच हुकले तरी सहावा तितक्याच सरळ मनाने टाकायचा. जो हुकल्यावर टाकायला कचरतो, त्याला डिफेन्स मोकळा सोडतो आणि त्याच्या वाटचा माणूस दुसरीकडे मदतीला पाठवतो. मग चार जणांना पाच जणांशी खेळावं लागतं.

दुसरी परीक्षा मोकळं होण्याची. रेडिकच्या अंगावर पहिल्या क्षणापासून एक माणूस चिकटलेला असे. त्याला झटकायला सोबती स्क्रीन लावतात, म्हणजे वाटेत ठामपणे उभे राहतात. रेडिक त्यांना खांदा घासत वळून जातो. खो-खोत पळणारा बसलेल्या गड्यांच्या मधून साखळी धरून वळतो, तसंच ते काहीसं दिसतं. पाठलाग करणारा मागे राहिला तर रिंगकडे वळायचं, तो आडवाटेने पुढे गेला तर उलट बाहेर सरकायचं. ही निवड धावताधावताच करायची. चेंडू येण्याआधी गुडघे वाकलेले, हात छातीपाशी तयार, आतला पाय आधी रोवलेला. चेंडू हाताला लागतो तेव्हा निम्मं काम उरकलेलं असतं. ड्यूकमध्ये हे सगळं त्याच्याभोवती रचलेलं होतं. डिसेंबर 2005 मध्ये देशातल्या पहिल्या दोन संघांची गाठ पडली, त्यात टेक्ससविरुद्ध त्याने 41 गुण केले. नऊ थ्री पॉइंटर. ड्यूक 97, टेक्सस 66. तो सामना पाहताना वाटतं की या मुलाला अडवणं कोणाच्या हातात नाही.

साडेतीन महिन्यांनी अडवलं. 23 मार्च 2006, अटलांटा, लुइझियानाच्या एलएसयू विद्यापीठाविरुद्ध. गॅरेट टेम्पल नावाचा पहिल्या वर्षाचा उंच, लांब हातांचा खेळाडू त्याच्या मागे लागला. त्याने एकच काम केलं: प्रत्येक स्क्रीनवर रेडिकसोबत वळला आणि तो उडी मारेल तिथे हात पुढे केला. टेम्पलला चकवलं तर मागे एलएसयूचे धिप्पाड गडी उभे होतेच. रेडिकने अठरा वेळा चेंडू टाकला, तीनदा पडला. 11 गुण. ड्यूक 62–54 ने हरलं आणि देशाचा सर्वोत्तम खेळाडू विजेतेपदाशिवाय कॉलेजबाहेर पडला.

त्याच रात्री पार कॅलिफोर्नियातल्या ओकलंडमध्ये गोंझागा विद्यापीठाचा अॅडम मॉरिसन शेवटचे काही सेकंद उरलेले असताना कोर्टावर रडत होता. त्याच्या संघाने हाती आलेला सामना यूसीएलएला 73–71 असा गमावला. वर्षभर अमेरिकेत वाद चालला होता, रेडिक मोठा की मॉरिसन. मॉरिसनची सरासरी 28.1, रेडिकची 26.8. एक पुरस्कार तर दोघांत वाटून दिला गेला होता. एनबीए या व्यावसायिक लीगच्या नव्या खेळाडूंच्या निवडीत मॉरिसन तिसरा गेला, रेडिक अकरावा. पुढे मॉरिसनचा गुडघा गेला. लॉस एंजेलिस लेकर्सच्या बाकावर बसून त्याला दोन विजेतेपदांचा वाटा मिळाला आणि 2010 नंतर तो एनबीएत दिसला नाही. त्याच्या दुखापतीचं दुःख खरंच आहे. पण दुखापतीआधीच्या पहिल्या हंगामातही त्याचं गणित जमत नव्हतं, आणि रेडिकचंही जमत नव्हतं. दोघांच्याही हातात कॉलेजात जे होतं ते होतंच. कॉलेजने दोघांच्याही पायांकडून पुरेसं मागितलं नव्हतं.

एनबीएत थ्री पॉइंटची रेषाच मागे आहे. रेडिकच्या काळात कॉलेजची रेषा 19 फूट 9 इंचांवर होती, एनबीएची समोरून 23 फूट 9 इंचांवर. तब्बल चार फुटांचा फरक. अंगावर येणारा माणूस जास्त उंच, जास्त चपळ. स्क्रीन आता दुसऱ्यांसाठी लागत. ऑर्लँडो मॅजिकने त्याला घेतलं आणि बसवून ठेवलं. दुसऱ्या हंगामात तो फक्त 34 सामन्यांत उतरला, तेही सरासरी आठ मिनिटं. ज्याचा नंबर विद्यापीठाने छताला टांगला होता तो मुलगा बाकावर टॉवेल घेऊन बसलेला असे. प्रशिक्षक स्टॅन व्हॅन गंडी यांचा रोख डिफेन्सवर होता आणि ज्याला समोरचा खेळाडू सहज ओलांडून जातो, त्याला नुसत्या नेमाच्या भांडवलावर मैदानात ठेवायला ते तयार नव्हते. मला त्यांचं बरोबर वाटतं.

मग 2009 ची प्लेऑफ, म्हणजे हंगामानंतरची बाद फेरी. कोर्टनी ली या सोबत्याला तोंडावर कोपर लागून दुखापत झाली आणि बॉस्टन सेल्टिक्सविरुद्ध रेडिकला सुरुवातीपासून उतरवलं. काम दिलं बॉस्टनच्या रे अॅलनला अडवण्याचं. पुढे एनबीएतल्या थ्री पॉइंटरचा विक्रम ज्याच्या नावावर झाला, तो अॅलन, आणि स्क्रीनच्या जंगलात पळण्यात त्याचा हात धरणारा तेव्हा कोणी नव्हता. तीन वर्षांपूर्वी टेम्पलने रेडिकचं जे केलं होतं तेच आता रेडिकने अॅलनचं करायचं होतं. मालिका सात सामन्यांची झाली. प्रत्येक वळणावर खांद्याला खांदा लावून, स्क्रीनवर आदळून, पुन्हा सावरून रेडिक त्याच्या मागे पळत राहिला. अॅलनचा नेम त्या मालिकेत वारंवार चुकला. सातवा सामना ऑर्लँडोने बॉस्टनच्या घरात 101–82 असा जिंकला आणि पुढे अंतिम फेरी गाठली. टेक्ससविरुद्धच्या 41 गुणांपेक्षा मला या सात सामन्यांचं मोल अधिक वाटतं, कारण इथे त्याने शूटर म्हणून अंगात भिनलेलं सगळं ज्ञान उलटं वापरलं. आपण कुठे पळालो असतो, कधी वळलो असतो, हे त्याला माहीत होतं.

त्यानंतरची कारकीर्द चढतच गेली. लॉस एंजेलिस क्लिपर्सकडून 2015–16 च्या हंगामात त्याचे 47.5 टक्के थ्री पॉइंटर पडले, त्या वर्षी लीगमध्ये सर्वांत जास्त. सरासरी गुणांचा त्याचा सर्वांत चांगला हंगाम फिलाडेल्फियाकडून 2018–19 चा, 18.1, चौतिसाव्या वर्षीचा. ज्या वयात बहुतेकांचे पाय थकतात त्या वयात याचे पाय सर्वांत जास्त कामाला आले. 2021 मध्ये थांबला तेव्हा 940 सामने झाले होते आणि चार फूट लांबूनही थ्री पॉइंटरचं प्रमाण 41.5 टक्के होतं, म्हणजे कॉलेजपेक्षा किंचित वरच. 2024 मध्ये लेकर्सने त्याला मुख्य प्रशिक्षक नेमलं. प्रशिक्षक म्हणून आधी एनबीए किंवा कॉलेजचा एकही संघ हाताळलेला नसताना ही जबाबदारी मिळाली, यावर बरीच टीका झाली. पहिल्या हंगामात संघाने 82 पैकी 50 सामने जिंकले. पंधरा वर्षं दहा जणांच्या हालचाली वाचत पळलेल्या माणसाने बाजूच्या रेषेवरून त्या वाचाव्यात, यात मला नवल वाटलं नाही.

आणि टेम्पल? त्याला 2009 च्या निवडीत कोणत्याही संघाने घेतलं नाही. रेडिकसारखे विक्रम त्याच्या नावावर नव्हते. तरी तो एनबीएत दशकाहून अधिक काळ टिकला, रेडिक थांबल्यावरही खेळत राहिला.

रेडिकचे थ्री पॉइंटर एकामागून एक जोडलेले व्हिडिओ खूप आहेत, पण त्यांत फक्त चेंडू सुटतानाचा क्षण असतो. बास्केटबॉल खेळणाऱ्या मुलामुलींनी, आणि त्यांना शिकवणाऱ्यांनी, त्यांऐवजी 2009 च्या त्या मालिकेतला एखादा पूर्ण सामना शोधून पाहावा. पहिली पंधरा मिनिटं चेंडूकडे अजिबात बघू नका. फक्त रेडिक आणि अॅलन यांच्याकडे बघा.