दहावी सही

कारंज्याच्या त्या तरुण वकिलाजवळ नऊ सह्या झाल्या होत्या. दहावीसाठी तो भर दुपारी आपल्या जुन्या सिनिअरच्या घरी आला. मान्यताप्राप्त पक्षाच्या उमेदवाराला एक सूचक पुरतो. अपक्षाला दहा लागतात, तेही त्याच मतदारसंघातले मतदार. पक्षानं त्याचं तिकीट कापलं होतं आणि अर्जाची मुदत तीनला संपत होती.

म्हाताऱ्यानं चष्मा पुसून अर्ज वाचला. शपथपत्र, दहा हजारांच्या अनामतीची पावती, सगळं जागच्या जागी.

"चोख हाये. आता दुसरा कागद दाखव."

"दुसरा कोणता, काकाजी?"

"फाइलीत उलटा घालून ठेवला तो."

तो उमेदवारी मागे घेण्याचा अर्ज होता. भरलेला, सही केलेला. फक्त तारीख कोरी. तरुणाला लाजबिज वाटली नाही. बाजू मांडावी तसं त्यानं समजावलं. "माघार घेतली तर महामंडळावर घ्यायचं कबूल झालं आहे. नाही घेतली अन् निवडून आलोच, तर पक्षात जायचं नाही. अपक्ष आमदार पक्षात गेला की पक्षांतरबंदीत पद जातं. नुसत्या पाठिंब्याला मात्र कायदा आडवा येत नाही."

"कायदा बराबर सांगतला तू," म्हातारा म्हणाला. "बापूजी अणेही वकीलच. वणीचे, वकिली यवतमाळला. त्यायच्या खिशातही असा एक कागद राहे."

मानोऱ्याच्या पलीकडे पुसद. तिथं 1930 च्या जुलैत अण्यांनी राखीव जंगलातलं गवत कापून कायदा मोडला होता, हे या भागात अजून सांगतात. पण म्हाताऱ्याला गवताचं सांगायचं नव्हतं. 1934 मध्ये जातीय निवाड्यावर पटलं नाही, तर बापूजी मालवीयांबरोबर काँग्रेसच्या धोरणाबाहेर पडले आणि वेगळा पक्ष काढला. 1941 मध्ये व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात गेले. ते अनेकांना खटकलं, आणि माझ्या मते खटकायलाच हवं होतं. पण फेब्रुवारी 1943 मध्ये गांधीजींचा एकवीस दिवसांचा उपास सुरू झाला, सरकार त्यांना सोडेना, तेव्हा होमी मोदी आणि नलिनीरंजन सरकार यांच्यासोबत त्यांनी राजीनामा ठेवला.

"खिशातला कागद तो. खुर्ची सोडाचा. तुह्या कागद खुर्ची मागाचा."

पुढं ते बिहारचे राज्यपाल झाले. त्यानंतर कुणी घरी बसलं असतं. बापूजी विदर्भ राज्याची मागणी घेऊन 1959 च्या पोटनिवडणुकीत नागपुरातून लोकसभेत गेले. 1 मे 1960 ला महाराष्ट्र झाला, विदर्भ त्यात आला. मागणीतला दम गेला असं लोक म्हणू लागले. 1962 मध्ये बापूजी एक्क्याऐंशी वर्षांचे होते. तीच मागणी घेऊन अपक्ष उभे राहिले आणि निवडून आले. विदर्भ राज्य काही झालं नाही.

"म्हणजे हाती काय लागलं?" तरुणानं विचारलं. घड्याळात अडीच वाजले होते.

"मागाले कोनाकडे गेले होते ते?" म्हाताऱ्यानं दोन्ही कागद एकावर एक ठेवून सरकवले. "हा दुसरा इथं फाडला तर पहिल्यावर सही करतो. घाई नाही, अर्धा तास हाये."

तरुणानं कागद उचलले, खाली वाकून पाया पडला आणि निघाला. पाया मनापासून पडला, हे म्हाताऱ्यालाही कळलं. दहावी सही तहसीलसमोरच्या चहाच्या टपरीवर मिळाली. अर्ज तीनच्या आत दाखल झाला. माघारीच्या शेवटच्या दिवशी दुसऱ्या कागदावर तारीख पडली.

महामंडळाची यादी अजून निघालेली नाही.