नाकारता न येणारे वस्त्र

दरवर्षी १७ सप्टेंबरचा मुक्तिदिन जवळ आला की धाराशिव जिल्ह्यात जुनी छायाचित्रे बाहेर निघतात आणि त्यांतल्या माणसांचा निवाडा त्यांच्या टोपीवरून होतो. शेरवानी आणि रुमी टोपी दिसली की माणूस निजामधार्जिणा, पांढरी टोपी आणि खादीचा सदरा दिसला की स्वातंत्र्यसैनिक. २०२३ साली जिल्ह्याचे नाव बदलले तेव्हापासून या निवाड्याला जोर चढला आहे. पारतंत्र्याच्या काळातले रोजचे जगणे कपड्यांतून कळते, हे मलाही मान्य आहे. पण टोपीवरून निष्ठा ठरवणारे लोक त्या जगण्यापर्यंत पोचतच नाहीत, असे माझे म्हणणे आहे.

पारतंत्र्य म्हटले की इंग्रजी अंमल आठवतो; आपला मुलूख तर निजामाचा, मग त्या अंमलाशी त्याचा काय संबंध, असे कोणी विचारू नये. १८५३ च्या तहाने नळदुर्ग-धाराशिवचा भाग थेट इंग्रजांच्या ताब्यात गेला, इंग्रज अधिकारी मेडोज टेलरने नळदुर्गात राहून त्याचा कारभार पाहिला आणि १८६० साली तो पुन्हा निजामाकडे आला. त्यानंतरही हैदराबादेत इंग्रजांचा रेसिडेंट होताच आणि शेजारची बार्शी इंग्रजी हद्दीत होती. धाराशिवचा शेतकरी बार्शीच्या बाजाराला निघाला की राज्य बदले, निजामाच्या हाली रुपयाच्या जागी इंग्रजी कलदार येई, वाटेत करोडगिरीचा म्हणजे जकातीचा नाका लागे. अंगावरचे धोतर, मुंडासे आणि खांद्यावरची घोंगडी मात्र तीच राही. त्या वेशावरून तो कोणत्या राजाचा हे सांगता आले नसते. ज्या खुणेवर आज आपण एवढा भरवसा ठेवतो, ती बहुसंख्यांच्या अंगावर नव्हतीच.

ज्यांच्या अंगावर होती, त्यांचे काय? संस्थानात शेरवानी हा कचेरीचा रिवाज होता. वकील, कारकून, शिक्षक ती घालत आणि त्यांत हिंदू होते, मुसलमान होते. संस्थानचे पंतप्रधान महाराजा किशन प्रसाद हिंदू होते आणि शेरवानी घालत. निजामाच्या दरबारात दस्तार (पागोटे) आणि बगलूस (कमरपट्टा) यांवाचून उभे राहता येत नसे. तो नियम होता, त्यावरून कोणाचे मन कळत नसे. रुमी टोपीला इस्लामी सत्तेची खूण मानणाऱ्यांनी हेही ध्यानात घ्यावे की जिथून ती आली त्या तुर्कस्तानाने १९२५ साली कायदा करून तिच्यावर बंदी घातली. आणि शेरवानीला गुलामीचा वेश म्हणायचे, तर जवाहरलाल नेहरूंच्या अचकनला काय म्हणणार? जवळपास तोच काट, तीच बटणांची ओळ. हैदराबादेत तो लाचारीचा आणि दिल्लीत राष्ट्राचा, असा न्याय कापडातून निघत नाही. तो आपण आधीच ठरवून आलेलो असतो. सगळ्यात मोठा पुरावा खुद्द निजाम मीर उस्मान अली खानाचा. जगातला सर्वांत श्रीमंत म्हणून ज्याची ख्याती, तो विटलेली टोपी आणि जुनाट शेरवानी वापरी. टोपीवरून माणूस ओळखणाऱ्याने त्याला किरकोळ कारकून ठरवले असते.

कापडाविषयीच्या बाकीच्या मतांवर फार थांबण्याची गरज नाही. मँचेस्टरने आमचा विणकर मारला, हे खरे. पण आमच्याकडे सोलापूरच्या गिरण्यांचाही माल आला, हे सांगितल्याशिवाय ते अपुरे राहते. आपल्या जिल्ह्यातल्या तेरचे कापड दोन हजार वर्षांपूर्वी भरुचच्या बंदराला जात होते, याचा अभिमान जरूर असावा. ते विणणारा स्वतः काय नेसत होता, हे त्या अभिमानाला ठाऊक नसते.

माझ्या मते वस्त्रांचा इतिहास एकाच भेदावर उभा करावा लागतो. नाकारता येणारे वस्त्र वेगळे आणि नाकारता न येणारे वस्त्र वेगळे. देशी-विदेशी, हिंदू-मुसलमान, खादी-गिरणी हे सगळे भेद यापुढे दुय्यम आहेत.

महाराच्या वतनी हक्कांत मढ्यावरचे कापड होते. त्याला हक्क म्हणत; पण नको म्हणण्याची सोय ज्यात नाही त्याला हक्क म्हणणे ही क्रूर थट्टा होती. त्याच गावातल्या वाड्यात, शेरवानी घालून कचेरीत जाणाऱ्या वकिलाच्या घरी, केशवपन केलेली विधवा आलवण नेसून माजघरात वावरत असे. तिचे वस्त्र निजामाने ठरवले नव्हते, इंग्रजानेही नाही. ते आपल्या घरांनी ठरवले होते. मुक्तिदिनाच्या छायाचित्रांत ती दिसत नाही, म्हणून तिच्या वस्त्राचा निवाडाही कोणी करत नाही.

१९२७ च्या डिसेंबरात महाडला बाबासाहेब आंबेडकरांनी स्त्रियांना सांगितले की जातीची खूण ठरलेली लुगडे नेसण्याची पद्धत आणि चांदी-कथलाचे जड दागिने सोडा. वस्त्र नाकारण्याची अशी उघड शिकवण इतरत्र क्वचितच सापडेल. फेब्रुवारी १९४१ मध्ये कसबे तडवळे येथे महार-मांग वतनदार परिषदेसाठी ते आपल्या भागात आले. वतनाचा प्रश्न जमिनीचा आणि राबणुकीचा होता. मला तो वस्त्राचाही वाटतो, कारण वतन सुटल्याशिवाय मढ्यावरचे कापड सुटणार नव्हते. बाबासाहेबांच्या सुटाला विदेशी म्हणून नाक मुरडणाऱ्यांना हा धागा कधी दिसला नाही.

निवडलेल्या वस्त्राचे उदाहरणही आपल्याकडे आहे. १९२१ साली हिप्परग्याला राष्ट्रीय शाळा निघाली. तिथले मुख्याध्यापक व्यंकटेश खेडगीकर संन्यास घेऊन स्वामी रामानंद तीर्थ झाले आणि त्यांनी भगवी वस्त्रे स्वीकारली. ते वस्त्र मोठे ठरते, कारण ते निवडलेले होते. खादीचे मोलही तेवढ्याचसाठी आहे. जिथे ती धाकाने अंगावर आली, तिथे तिचे मोल शेरवानीहून जास्त नाही.

गरिबाला निवड कुठे होती, हा आक्षेप रास्त आहे. ज्याच्याकडे एकच धोतर, त्याने काय नाकारायचे? म्हणूनच मी बार्शी लाइट रेल्वेला महत्त्व देतो. ती १८९७ साली सुरू झाली आणि १९११ पर्यंत येडशी, ढोकीवरून लातूरला पोचली. तिने गिरणीचे स्वस्त कापड खेड्यांजवळ आणले आणि माणसांना गिरण्यांच्या गावांकडे नेले. ज्या यंत्राने विणकर बुडवला त्याच्याच कापडाने, मजुरीचे पैसे हाती आलेल्या माणसाला मढ्यावरच्या कापडाला नकार देण्याचे बळ दिले. सगळ्यांना दिले असे नाही, आणि एकाएकी तर नाहीच. पण जिथे दिले तिथे रोजचे जगणे खरोखर बदलले, आणि हा बदल टोपीच्या रंगात शोधून सापडणारा नाही.

जिल्ह्याच्या नव्या इतिहासाची बोलणी आता सुरू आहेत. तो लिहिणाऱ्यांनी प्रत्येक छायाचित्रापाशी, आणि छायाचित्रात न आलेल्या प्रत्येक माणसापाशीही, एवढे विचारावे: अंगावरचे हे वस्त्र याला, हिला नाकारता आले असते का? उत्तर नाही असे आले, तर त्या वस्त्रावरून त्या माणसाला दोष देण्याचा अधिकार आपल्याला नाही.